बीजेच्या दुसऱ्या दिवशी

॥ राम कृष्ण हरी ॥

तुकाराम बीजेचे कीर्तन मी किती गावांत केले, याची मोजदाद नाही. फाल्गुन वद्य द्वितीया आली की उदगीर, देवणी, जळकोट आणि सीमेपलीकडच्या कमालनगरच्या बाजूची खेडी, कुठून ना कुठून बोलावणे येई. कीर्तनाची रीत ठरलेली. दुपारचे बारा वाजत आले की टाळांचा गजर वाढवायचा, मृदंगाने लय चढी करायची, फुले उधळायची आणि तुकोबाराय सदेह वैकुंठाला गेले म्हणून जयजयकार करायचा. श्रोते डोळे पुसत, पण ते आनंदाने.

त्याच कीर्तनात एक हशाची जागा असे. महाराज वैकुंठाला निघाले तेव्हा त्यांनी आवलीला सोबत येण्याविषयी विचारले. ती म्हणाली, पोटात लेकरू आहे, पोरे लहान आहेत, दारात म्हैस आहे, मी कशी येऊ? हा प्रसंग सगळेच कीर्तनकार सांगतात, मीही सांगत असे. म्हशीचे नाव आले की मंडप हसायचा. वैकुंठाचे विमान दारात उभे आणि या बाईला म्हशीची चिंता! संसारात गुरफटलेला जीव कसा असतो, हे दाखवायला दृष्टांत सोयीचा होता.

चाळीसेक वर्षांपूर्वी एका खेड्यात असेच कीर्तन आटोपून मी पारावर पाणी पीत बसलो होतो. पंगत बसायची होती. एक म्हातारी पाया पडायला आली. पाया पडून झाले तरी उठेना. मग हळू म्हणाली, "महाराज, इमान गेलं ते ऐकलाव. मंग दुसऱ्या दिवशी सकाळी आवलीनं काय केलं ओ?"

मी म्हणालो, "माय, त्यांना काय कमी? पांडुरंगानं सांभाळलं त्यांना."

"ते खरंच की," ती म्हणाली. "पर पोटात लेकरू होतं म्हणं तिच्या."

एवढे बोलून ती पंगतीला पाणी वाढायला गेली. नंतर गावच्या टाळकऱ्याने सांगितले की तिचा मालक १९७२ च्या दुष्काळात कामाला म्हणून गाव सोडून गेला, त्याची पुन्हा खबर आली नाही. ती कुंकू लावत होती, वारी करत होती आणि बाकी काही बोलत नव्हती. त्या दिवशी म्हशीच्या जागी मंडप हसला, तेव्हा ती बाई समोरच बसलेली होती.

गाथा मुखोद्गत होती. महिपतीबुवांचे भक्तविजय आणि भक्तलीलामृत वाचलेले होते. तरी तिच्या प्रश्नाला उत्तर नव्हते. कारण कीर्तन जिथे संपते, तिथून तिचा प्रश्न सुरू होत होता.

आता लेखाच्या विषयाकडे येतो. कादंबरी या प्रकाराविषयी आमच्या पिढीच्या साधकांना फार आदर नव्हता. आळंदीच्या वारकरी शिक्षण संस्थेत, जी जोग महाराजांनी १९१७ साली स्थापन केली, तिथे आम्ही ज्ञानेश्वरी, गाथा, एकनाथी भागवत, विचारसागर यांत बुडालेलो. कादंबरी म्हणजे मनोरंजन, आणि मनोरंजन म्हणजे आयुष्याचा अपव्यय, हे गृहीतच होते. पुढे एप्रिल २०२२ मध्ये आमच्या उदगिरात ९५ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. कथाकार भारत सासणे अध्यक्ष होते. नातवाचा हात धरून मी पुस्तकांच्या दालनांत फिरलो. गाथ्याची मोठ्या टाइपातली प्रत घ्यायला गेलो होतो. परत येताना पिशवीत गाथ्याबरोबर तीन कादंबऱ्याही होत्या. आवाज गेल्यापासून वेळ पुष्कळ आहे. तिन्ही वाचल्या, एक तर चार वेळा वाचली. त्यांविषयी हे चिंतन.

ग्रंथ हाती घेतला की आधी त्याचे अनुबंधचतुष्टय पाहावे, अशी आमची शिकवण: अधिकारी कोण, विषय कोणता, संबंध काय, प्रयोजन काय. तोच गज मी कादंबरीलाही लावला. या तिन्हींचा विषय ढोबळपणे एकच निघाला. माणूस घर सोडून प्रवासाला निघतो, वाटेत कुणावर तरी जीव जडतो, ते माणूस हातचे जाते आणि त्या जाण्यातून त्याला स्वतःची ओळख पटते, निदान पटू लागते. प्रवास, प्रेम, वियोग आणि स्वरूपशोध. जगभरच्या कादंबऱ्यांत हा क्रम आढळतो, असे नातू म्हणाला. मला मात्र तो क्रम ओळखीचा वाटला तो वेगळ्या कारणाने. ते पुढे सांगतो.

पहिली कादंबरी विश्राम बेडेकरांची 'रणांगण'. १९३९ सालची. युरोपात महायुद्धाचे ढग जमलेले आणि एक जहाज हिंदुस्थानाकडे निघालेले. त्यात चक्रधर विध्वंस हा मराठी तरुण मायदेशी परततो आहे. आधीच्या एका प्रेमभंगाने त्याचे मन विटलेले. त्याच जहाजात जर्मनीतून जीव वाचवून निघालेले ज्यू लोक आहेत, आणि त्यांत हेर्टा ही स्त्री आहे. तिचेही सर्वस्व हिरावलेले. चार दिवसांच्या त्या पाण्यावरच्या संसारात दोघांचा जीव एकमेकांत गुंततो. मुंबई येते. त्याला उतरायचे आहे, तिला उतरण्याची मुभा नाही. जगातले एकही बंदर तिचे नाही. तो उतरतो. जहाज पूर्वेकडे जाते आणि पुढच्या प्रवासात ती जिवाचा शेवट करते. त्याच्या हाती उरतात तिची पत्रे.

पुस्तक लहान आहे, एका बैठकीत संपते, पण नंतर दोन दिवस माझे हरिपाठात लक्ष लागेना. आम्ही 'भवसागर' हा शब्द उठता-बसता वापरतो. नाव, नावाडी, पैलतीर, सगळे रूपक तयार असते. या कादंबरीत सागर खराच सागर आहे, नाव खरीच नाव आहे, आणि पैलतीर आला असता एकाला उतरता येते, दुसऱ्याला येत नाही. ज्याला उतरता आले त्याची काय दशा होते, ते बेडेकरांनी लिहिले आहे. प्रेम आपल्यात मेले आहे असे समजणाऱ्या माणसाला ते जिवंत होते हे कळते, पण कळते तेव्हा जहाज गेलेले असते. याला अनुताप म्हणावे का? मला वाटते म्हणावे. पण अनुतापाला पुढे जायला वाट लागते. चक्रधराच्या अनुतापापुढे पाणीच पाणी आहे.

दुसरी भालचंद्र नेमाडे यांची 'कोसला', १९६३ सालची. नायकाचे नाव पांडुरंग, पांडुरंग सांगवीकर. नाव वाचूनच मी ती उघडली, हे कबूल करतो. खानदेशातल्या खेड्यातला हा मुलगा पुण्याला शिकायला जातो. पैसा घालवतो, वर्षे घालवतो आणि शेवटी गावी परततो. मधे त्याची धाकटी बहीण मनी मरते. कादंबरीत चेष्टा पुष्कळ आहे, काही जागी वाचून कपाळाला आठी पडली. पण मनी गेल्यानंतरची पाने वाचताना आठी राहिली नाही. तिथे लेखक कुठलेही तत्त्वज्ञान आणत नाही. लहान बहीण होती, आता नाही, आणि घरातली माणसे आपापल्या कामाला लागली आहेत, हे त्या मुलाला सहन होत नाही, एवढेच. आम्ही अशा घरी गेलो की पाचव्या मिनिटाला देहाच्या नश्वरतेवर बोलू लागतो. नेमाड्यांचा पांडुरंग असल्या बोलण्याला उभे करून घेणार नाही, आणि मला वाटते, त्याचे काही चुकले नाही. शोकाला थोडा वेळ शोक म्हणूनच राहू द्यावे लागते.

पण या दोन्ही कादंबऱ्यांविषयी माझी एक तक्रार आहे. तिच्यासाठी आधी नामदेवरायांकडे जावे लागेल, कारण प्रवास, प्रेम, वियोग आणि स्वरूपशोध हा क्रम मला ओळखीचा वाटला तो त्यांच्यामुळे.

नामदेवरायांनी ज्ञानेश्वर माउलींचे चरित्र अभंगांतून सांगितले, त्याची तीन प्रकरणे प्रसिद्ध आहेत: आदि, तीर्थावळी आणि समाधी. तीर्थावळी म्हणजे प्रवास. माउली नामदेवांना तीर्थयात्रेला चला म्हणतात. नामदेवांना पंढरी सोडवत नाही. शेवटी पांडुरंगच त्यांचा हात माउलींच्या हाती देतो. आणि गंमत अशी की भक्त निघून गेल्यावर देवालाच करमत नाही. वाटेत मरुभूमीतल्या कोरड्या विहिरीचा प्रसंग येतो: माउली योगसामर्थ्याने पाण्यापर्यंत पोचतात, नामदेव विठ्ठलाला हाक मारतात आणि विहीर भरून वाहते. दोघे दोन वाटांचे पथिक, पण त्या वाटचालीत त्यांचे जे सख्य जुळते ते प्रेमच. मग येते समाधी प्रकरण. शके १२१८, कार्तिक वद्य त्रयोदशी, आळंदी. नामदेवराय तिथे हजर आहेत. ते एकेकाचा शोक सांगतात. ज्यांनी ज्ञान दिले ते निवृत्तिनाथही शोक आवरू शकत नाहीत. देव स्वतः तिथे उभा आहे आणि तोही गहिवरला आहे.

स्वरूपशोधही आहेच. गोरोबाकाकांनी थापटून पाहिले तेव्हा सगळ्या संतांत नामदेवांचे मडके कच्चे निघाले, आणि त्यानंतर ते विसोबा खेचरांकडे गेले. आपल्या मराठवाड्यात औंढा नागनाथाला जाणारा प्रत्येक जण ही कथा ऐकतो: विसोबा पिंडीवर पाय ठेवून निजलेले, आणि जिथे पाय ठेवायला न्यावे तिथे शिवच. ज्या नामदेवांना पंढरीबाहेर देव दिसत नव्हता, त्यांना तो न दिसेल अशी जागा उरली नाही. तेच नामदेव पुढे पंजाबात घुमानपर्यंत गेले.

म्हणजे आधुनिक कादंबरीचा हा साचा आपल्याकडे सातशे वर्षांपासून आहे. हे मी बढाई म्हणून सांगत नाही. फरक कुठे आहे ते दिसावे म्हणून सांगतो. समाधीच्या अभंगांत शोक आहे, भरपूर आहे, पण तो शोक कुणाला तरी सांगितलेला आहे. ऐकणारा समोर आहे, आणि ऐकता ऐकता तोही रडतो आहे. चक्रधर विध्वंसाला असा ऐकणारा नाही. पांडुरंग सांगवीकरालाही नाही. ते दोघे स्वतःशी बोलतात, फार तर अनोळखी वाचकाशी. म्हणून त्यांचे दुःख गोल फिरत राहते. माझी तक्रार एवढीच: या कादंबऱ्या दुःखाला खोटे सांत्वन देत नाहीत, हे त्यांचे मोठेपण, पण दुःखाला बोलायला कुणी लागते, हे त्या विसरतात, किंवा असा कुणी नाहीच असे गृहीत धरतात.

इथवर लिहून लेख थांबला असता तर तो कीर्तनकाराने लिहावा तसाच झाला असता: आपले ते श्रेष्ठ, त्यांचे ते अपुरे. पण तिसऱ्या कादंबरीने मला तसे सुटू दिले नाही.

ती म्हणजे दि. बा. मोकाशी यांची 'आनंदओवरी', १९७४ सालची. मोकाशी (१९१५–१९८१) पुण्यात रेडिओ दुरुस्तीचा व्यवसाय करत आणि लिहीत. आपल्या वाचकांपैकी काहींना त्यांचे 'पालखी' माहीत असेल; माउलींच्या पालखीबरोबर आळंदीहून पंढरपूरपर्यंत चालून त्यांनी ते लिहिले. माळ घातलेला वारकरी म्हणून ते चालले नाहीत, पाहणारा म्हणून चालले. पण पाहताना उपहास केला नाही. त्यांच्या 'आता आमोद सुनासि आले' या कथेचे नावच अमृतानुभवातून आले आहे. मुलगा गमावलेल्या वारकरी लोहाराची ती कथा. तिच्यावर सुमित्रा भावे यांनी 'दिठी' हा चित्रपट केला. सांगायचे ते हे, की हा लेखक आपल्या दारात उपरा नव्हता.

'आनंदओवरी' सांगतो कान्हा, म्हणजे तुकोबारायांचा धाकटा भाऊ कान्होबा. तुका घरी परतलेला नाही, आणि कान्हा त्याला शोधतो आहे. शोधता शोधता त्याला सगळे आठवते: वडील बोल्होबा, आई कनकाई, बायको गेल्यावर घर सोडून निघून गेलेला थोरला सावजी, दुकान, दुष्काळ. मग भावाचा तो भामनाथाचा, भंडाऱ्याचा नाद, घरातली तंगी, आवलीचा त्रागा. या कादंबरीत विमान नाही. एक न परतलेला भाऊ आहे आणि त्याच्या वाटेकडे डोळे लावलेला भाऊ आहे. प्रवास म्हणाल तर देहूच्या पंचक्रोशीतला, पण चक्रधराच्या समुद्रप्रवासाहून मला तो लांबचा वाटला.

पहिल्यांदा वाचली तेव्हा राग आला. सदेह वैकुंठगमन ज्याने शेकडो वेळा गायले त्याला ही पाने गोड कशी लागतील? पुस्तक मिटून ठेवले. पण त्या रात्री ती म्हातारी आठवली. ती विमानावर शंका घेत नव्हती. "इमान गेलं ते ऐकलाव," असे म्हणूनच तिने सुरुवात केली होती. तिला पुढचे हवे होते. मोकाशींनी तेच तर लिहिले आहे. माझी श्रद्धा आहे तिथेच आहे. पण ज्या घरातून माणूस वैकुंठाला जातो, त्याही घरातून माणूस गेलेलाच असतो. त्याचे घोंगडे रिकामे असते. सकाळी चूल पेटते तेव्हा ताटे मोजताना हात अडतो. कीर्तन गेलेल्याबरोबर जाते. मागे राहिलेल्याजवळ बसायला कुणीतरी हवे. ते काम या कादंबरीने केले.

दुसऱ्यांदा वाचली तेव्हा कान्हाचे मन कळले. त्याच्या मनात भावाविषयी भक्ती आहे तशी चीडही आहे. आपण संसाराचा गाडा ओढायचा आणि भावाने डोंगरावर बसायचे, ही धुसफूस कुठल्या घरात नसते? महिपतीबुवा सांगतात की तुकोबांनी कर्जखतांची वाटणी केली, कान्होबाला त्याची निम्मी खते दिली आणि आपली निम्मी इंद्रायणीत बुडवली. हा प्रसंग आम्ही वैराग्याचा कळस म्हणून सांगतो. पण निम्मी खते हातात घेऊन काठावर उभ्या असलेल्या धाकट्या भावाकडे आम्ही कधी पाहिले नाही. तोही त्याच दुष्काळातून आलेला. त्यालाही पोरेबाळे. तो खते घेऊन घरी गेला, म्हणून तो लोभी ठरत नाही. कुणीतरी घरी जावे लागते.

आता वाचक माउलींनी हातातला गाथा काढावा. त्यात 'तुकयाबंधु' या नाममुद्रेचे अभंग आहेत. ते कान्होबांचे. भाऊ गेल्यावरचे अभंगही त्यांत आहेत. त्यांत जयजयकार नाही. त्यांत विलाप आहे आणि देवाशी उघड भांडण आहे. माझा भाऊ कुठे नेलास, परत दे, नाहीतर तुझी धडगत नाही, असा तो रोकडा कलह आहे. हे अभंग गाथ्यात आहेत, पाठाला आहेत, पारायणात वाचले जातात. पण बीजेच्या कीर्तनात मी ते कधी निरूपणाला घेतले नाहीत. उत्सवाच्या दिवशी रडे कशाला, असे वाटे. माझ्यासमोर कितीतरी कीर्तने झाली, त्यांतही क्वचितच कुणी घेतले. ज्यासाठी मी मोकाशींवर रागावलो, ते आपल्याच ग्रंथात तीनशे वर्षांपासून लिहिलेले होते, आणि मी ते पान उलटून पुढे जात होतो.

तिसऱ्या वाचनात मात्र दोष दिसू लागले, तेही सांगितले पाहिजेत. कादंबरीचा कान्हा आणि गाथ्यातला कान्होबा शेजारी ठेवून पाहावे. कादंबरीतला कान्हा सूक्ष्म आहे. त्याच्या मनाचे पदर मोकाशी एकेक करून उलगडतात. पण तो बोलतो स्वतःशीच. गाथ्यातल्या कान्होबाचे मन इतके उलगडलेले नाही, पण तो बोलतो विठ्ठलाशी. भांडतो, पण समोर उभे करून भांडतो. माझ्या मते इथे गाथा कादंबरीच्या पुढे जातो. भांडायला समोर कुणी असले की दुःख माणसाला एकटे पाडत नाही. मोकाशींनी कान्हाला डोंगर दिला, नदी दिली, आठवणी दिल्या. त्याचा कलह ऐकणारा दिला असता तर ही कादंबरी आणखी मोठी झाली असती, असे मला वाटते. कुणी म्हणेल, कादंबरीचा तो धर्मच नाही. असेल. मी माझ्या धर्माने वाचतो.

दुसरा दोष आवलीविषयी. ही कादंबरी कान्हाची आहे, म्हणून आवली आपल्याला दिराच्या डोळ्यांनी दिसते. म्हातारीचा प्रश्न आवलीविषयी होता. त्या प्रश्नाजवळ मोकाशी माझ्यापेक्षा पुष्कळ पुढे गेले, पण उंबऱ्याच्या आत तेही पूर्ण गेले नाहीत. पुण्याच्या गुळव्यांची ही लेक. सवत रखुमाबाई आणि तिचा संतू दुष्काळात गेले, तेव्हा ती त्याच घरात होती. नवऱ्यासाठी भाकरी घेऊन डोंगर चढणारी. तिच्या तोंडून कुणी सगळी कथा सांगितली, तर ती मला वाचायची आहे.

आणि अधिकारी? या कादंबऱ्या कुणी वाचाव्यात? ज्याचे काही हरवलेले आहे आणि ज्याला घाईचे सांत्वन नको आहे, त्याने वाचाव्यात. आणि जो अशा लोकांसमोर उभा राहून बोलतो, त्याने, म्हणजे कीर्तनकाराने, तर जरूर वाचाव्यात. समोर बसलेल्या पाचशे माणसांत कुणाचे काय हरवले आहे, हे कीर्तनकाराला माहीत नसते. कादंबरी वाचली तर निदान तसे कुणी असेल, एवढे भान राहते. प्रयोजन म्हणून मला ते पुरेसे आहे.

तरुण कीर्तनकारांना दोन विनंत्या आहेत. म्हशीचा प्रसंग सांगायचा तर सांगा, पण हशासाठी सांगू नका. पोटात लेकरू, घरात लहान मुले आणि दारात मुके जनावर असताना जी बाई मी येऊ शकत नाही म्हणते, ती संसारात गुरफटलेली नाही. ती राखणीला उभी आहे. आणि बीजेला दुपारी फुले उधळून झाल्यावर, संध्याकाळी हरिपाठानंतर का होईना, कान्होबांचा एखादा विलापाचा अभंग निरूपणाला घ्या. उत्सवाला बाध येत नाही. नामदेवरायांनी माउलींच्या समाधीचे वर्णन करताना निवृत्तिनाथांचा शोक झाकला नाही. आपण कान्होबांचा का झाकावा?

शेवटी त्या माउलीच्या प्रश्नाकडे. ती आज नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी आवलीने काय केले, हे कुठल्या ग्रंथात मला सापडलेले नाही. पण काही महिन्यांनी काय झाले, ते आपल्या परंपरेला ठाऊक आहे. तिच्या पोटातले लेकरू जन्माला आले. त्याचे नाव नारायण. त्याने वडिलांना पाहिले नव्हते. मोठा झाल्यावर, १६८५ साली, त्या नारायण महाराजांनी देहूहून तुकोबारायांच्या आणि आळंदीहून ज्ञानेश्वर माउलींच्या पादुका पालखीत घालून पंढरीची वाट धरली. आज आषाढीला लाखो पावले ज्या सोहळ्यात चालतात, तो बाप न पाहिलेल्या मुलाने सुरू केलेला आहे.

चाळीस वर्षांपूर्वी मला हे सांगता आले असते. नारायण महाराजांचे नाव मला माहीत होते, साल माहीत होते. फक्त तिचा प्रश्न आणि हे उत्तर एकाच घरातले आहे, हे मला दिसले नव्हते. 'पांडुरंगानं सांभाळलं' असे म्हणण्याऐवजी मी म्हणू शकलो असतो, "माय, आवलीनं सकाळी उठून म्हशीची धार काढली असंल. पोरांना भाकर दिली असंल. आणि तिच्या पोटातल्या लेकरानं पुढं बापाच्या पादुका खांद्यावर घेतल्या. तू वारीला चालतीस ना, ती त्याचीच वाट."

तिचे समाधान झाले असते की नाही, कोण जाणे. पण ती एकटी पाणी वाढायला गेली नसती.

॥ पुंडलीक वरदे हरी विठ्ठल ॥